ओस्तापच्या घरचं पीठ

हिव्रिया काकूंचा संसार सुखाचा आहे की नाही, हे ठरल्याशिवाय पिठाला कुणी हात लावायचा नाही, असं आमच्या सासूबाईंनी बजावलं आणि हाताची घडी घालून त्या खुर्चीत बसून राहिल्या.

आता हे ठरवायचं कुणी? हिव्रिया काकू आमच्या कुंपणापलीकडच्याच. गेल्याच आठवड्यात त्यांनी नवऱ्यावर बादली ओतून त्याला घराबाहेर काढलेलं सगळ्या गल्लीनं पाहिलं होतं.

"ओतली, पण पाणी कोमट होतं," हिव्रिया काकू म्हणाल्या. "आणि गावात पाण्याचे हे हाल असताना अख्खी बादली त्याच्यावर खर्च केली. प्रेम असल्याशिवाय करेल का कुणी?"

"घटस्फोट?" सासूबाईंनी विचारलं.

"नाही."

"दुसरं लग्न?"

"अहो, हा एकच पुरून उरलाय."

"मग सुखाचाच म्हणायचा. धू हात."

वेर्बोवा बाल्का या आमच्या कोळशाच्या खाणीच्या गावात लग्नाचा कोरोवाय असाच होतो. नवरा-नवरीच्या पुढ्यात ठेवायचा तो मोठा, गोल, गोडसर पाव. तो मळायचा सात बायकांनी, आणि सातही जणी पहिल्या नवऱ्याच्या, सुखानं नांदणाऱ्या हव्यात. विधवेनं हात लावायचा नाही. म्हणूनच मोत्रिया सासूबाई खुर्चीत होत्या. चाळीस वर्षं गावातला प्रत्येक कोरोवाय त्यांच्या हाताखालून गेला, पण सासरे गेले त्या दिवसापासून त्यांनी लग्नाच्या पिठाला बोट लावलेलं नाही. जिभेला मात्र अशी काही बंदी नाही, त्यामुळे सगळं काम जिभेनं चालायचं.

लग्न होतं माझ्या नणंदेच्या, ओदार्काच्या लेकीचं. ओरिस्याचं. नवरा मुलगा दमियान आघाडीवरून चार दिवसांच्या रजेवर आलेला, आणि आघाडी म्हणजे काही फार लांब नाही. वारा इकडचा असला की खिडकीच्या काचा कुरकुरतात. रविवारी लग्न, मंगळवारी तो परत जाणार. म्हणजे कोरोवाय शुक्रवारीच व्हायला हवा होता, आणि बिघडला तर दुसरा करायला ना वेळ होता ना अंडी.

"पाणी आणलं का गं सात विहिरींचं?" सासूबाईंनी नातीला विचारलं.

ओरिस्यानं सात बाटल्या टेबलावर मांडल्या. "आणलं, आजी."

"सात विहिरी अजून आहेत गावात?"

"विहिरी नाहीत. टँकरचंच पाणी आहे, पण सात घरांतून मागून आणलंय."

सासूबाईंनी एका बाटलीतलं पाणी उजेडात धरून पाहिलं. "चालेल. माझ्या आईनं तर खाणीतलं पाणी वापरलं होतं. जर्मन गेले तेव्हा जाताना खाण पाण्यानं भरून गेले. माणसं रात्रंदिवस पंप चालवत होती, आणि तेच काळं पाणी फडक्यातून सात वेळा गाळून आईनं कोरोवाय मळला. मैदा मूठभर, बाकी कोंडा. पाव दगडासारखा झाला, पण जोडपं बावन्न वर्षं टिकलं."

सासूबाईंना गावाचा इतिहास हा असा, पावांवरून पाठ. खाण कुणी खणली, पहिली चाळ कधी बांधली, असले प्रश्न शाळेतल्या रोझालिया बाईंना विचारायचे. सासूबाईंना विचारा संपाचं साल कुठलं, तर त्या सांगतील, ज्या वर्षी साखर कुपनावर होती आणि मळणाऱ्या सातही जणी चौकातल्या धरण्यावरून उठून थेट भट्टीपाशी आल्या ते. शाळेवर पहिला गोळा पडला ते साल कुठलं? तळघरात विजेच्या ओव्हनमध्ये कोरोवाय केला आणि मधेच वीज गेली ते.

तर, बायका मोजू. ओदार्का एक. मी, मेलानिया, धाकटी सून, दोन. माझा नवरा मिरोन तेव्हा खाली खाणीत होता, आणि तो खाली असला की आमचा संसार फारच सुखाचा असतो. हिव्रिया काकू तीन. रोझालिया बाई चार. नवऱ्या मुलाची आई फ्रोसिना आणि तिची बहीण, पाच आणि सहा. सातवी यायची होती स्तेफा, ओदार्काची मैत्रीण, पलीकडच्या वस्तीतून.

तिचाच फोन आला. ओदार्कानं ऐकलं, फोन ठेवला आणि ती ओट्याला टेकली.

"रस्ता बंद केलाय. पुलापाशी कुणालाच सोडत नाहीत. स्तेफा येत नाही."

"मग पाच जणींनी करू," फ्रोसिना म्हणाली. "विषमच हवेत ना?"

"पाच जणींचा विधवेच्या दुसऱ्या लग्नाला," सासूबाई म्हणाल्या. "माझ्या नातीचं काय दुसरं लग्न आहे?"

झालं. सगळ्यांनी गावातली घरं एकेक करून आठवायला सुरुवात केली. औषधाच्या दुकानातली? तिचा दुसरा नवरा. पाद्रीबाबांची बायको? ती मुलांना घेऊन पोल्ताव्याला. खाणीच्या कँटीनमधली वार्वारा?

"तिचा नवरा गेला ना सोडून," ओदार्का म्हणाली.

"त्यानंतरच तर ती सुखात आहे," हिव्रिया काकू म्हणाल्या.

हसू आलं सगळ्यांना, पण हाती काही लागलं नाही. निम्मं गाव निघून गेलेलं. राहिलेल्यांत कुणाचा नवरा स्मशानात, तर कुणाचा वाटेला लागलेला. आणि तेवढ्यात मी बोलून गेले. माझं हे नेहमीचंच. तोंड आधी आणि डोकं मागून.

"उल्याना ताई आहेत की. अंगणात लाकडं फोडतायत."

फ्रोसिनानं मैद्याच्या परातीवरचं फडकं उगाच सरळ केलं.

उल्याना ही थोरली सून, माझी जाऊ. तिचा नवरा ओस्ताप, सासूबाईंचा थोरला, खाणीतून फौजेत गेला आणि दीड वर्षापूर्वी एका जंगलाच्या कडेला त्याचा पत्ता लागेनासा झाला. फौजेच्या कार्यालयातून एकच शब्द आला, बेपत्ता. त्या शब्दाचं करायचं काय, ते कुणी सांगितलं नाही. आमच्या घरात ओस्तापचं नाव काढलं की लोक भांडी घासायला उठतात. त्याच्यासाठी मेणबत्ती जिवंतांच्या बाजूला लावायची की दुसऱ्या, या भीतीनं उल्यानानं देवळात जाणंच सोडलं होतं.

ओदार्कानं माझा दंड धरून मला कोठीत नेलं.

"अक्कल आहे का तुला, मेलानिया?"

"काय चुकलं, वन्सं?"

"माझ्या लेकीचा नवरा मंगळवारी परत आघाडीवर जाणार. आणि तिच्या कोरोवायाला हात कुणाचा लावायचा, तर..." तिनं कोठीचं दार ओढून घेतलं. "वहिनीवर माझा जीव आहे, तुला माहीत आहे. पण मला भीती वाटते. दमियानचं काही बरंवाईट झालं तर मी जन्मभर त्या हाताकडे बघेन. मला तसं बघायचं नाहीये तिच्याकडे."

आता खरं सांगते, मला राग आला होता, पण निम्मा तिथेच ओसरला. ओदार्का तशी दुष्ट नाही. ती रोज पहाटे आधी फोनवर मेलेल्यांची नावं वाचते आणि मग चहा ठेवते. अशी बाई भीतीपोटी कशालाही लोंबकळेल.

गोची एवढीच होती की कोठीला खिडकी आहे, आणि खिडकीखाली लाकडं फोडायचा ओंडका.

उल्यानानं सगळं ऐकलं. तिनंच मला पुढे सांगितलं, की ऐकून तिला आधी बरंच वाटलं. सकाळपासून ती घाबरलेलीच होती, की कुणी बोलावेल आणि नाही म्हणावं लागेल. म्हणून तर ती भट्टीला लागतील त्याच्या तिप्पट लाकडं फोडत बसली होती. पण 'बरंवाईट' हा शब्द ऐकला आणि कुऱ्हाड ओंडक्यातच राहिली.

ती आत आली. अंगावर भुसा, डोक्याचा रुमाल घसरलेला.

"ओदार्का बरोबर बोलतेय," ती सगळ्यांसमोर म्हणाली. "मी पिठाला हात लावणार नाही. पोरीच्या आयुष्याशी खेळ नको. वार्वाराला बोलवा, नाहीतर पाच जणींनीच करा. मी भट्टी पेटवते."

"वहिनी, माझं तसं म्हणणं नव्हतं..."

"तसंच होतं. आणि मला राग नाही आला."

ओरिस्या म्हणाली, "मामी, मला चालेल. मलाच तर चालायला हवं ना?"

"तू गप्प बस," ओदार्का आणि उल्याना एकदम म्हणाल्या. सकाळपासून त्या दोघींचं एवढ्या एकाच गोष्टीवर एकमत झालं होतं.

आम्ही सगळ्यांनी सासूबाईंकडे पाहिलं. मला वाटलं, त्या नियमावर बोट ठेवतील. नियमांच्या बाबतीत त्यांनी सख्ख्या बहिणीलाही दारातून परत पाठवलं होतं, हे मी स्वतः पाहिलेलं. त्या काठीवर हनुवटी टेकून सुनेकडे बघत राहिल्या.

"बरं," त्या म्हणाल्या. "म्हणजे माझा मुलगा मेला."

"आई," ओदार्का दचकली. "असं कोण म्हणतंय?"

"तू म्हणतेस. विधवेनंच हात लावायचा नसतो. मग हिनं का लावायचा नाही? तुझा भाऊ मेला, हे तुला कुणी कळवलं? मला कसं नाही कळवलं? मी आई त्याची."

लेकीच्या काळजीत ओदार्कानं एवढा साधा हिशेब केलाच नव्हता, की वहिनीला बाजूला सारताना ती आपल्याच भावाला पुरते आहे.

"आणि तू," सासूबाईंनी काठी उल्यानाकडे वळवली. "दिवेघरात तू काय करतेस?"

आता खाणीच्या दिवेघरातलं काम आमच्याकडे सासूकडून सुनेकडे आलेलं. खाली उतरणाऱ्या प्रत्येकाला तिथल्या खिडकीतून त्याचा दिवा द्यायचा, वर आला की परत घेऊन चार्जिंगला लावायचा. सासूबाईंनी ते तीस वर्षं केलं, मग उल्याना तिथे लागली.

"दिवे देते, आई. घेते. तुम्हाला काय माहीत नाही?"

"पाळी संपली आणि एखाद्याचा दिवा परत आला नाही, तर काय म्हणतेस?"

"वर आलेला नाही, असं म्हणते."

"दुसरं काही?"

"दुसरं काही म्हणायचं नसतं."

"मग ओस्तापचंच वेगळं का? फौजेत जाताना तो स्वतःचा दिवा तुझ्या हातात देऊन गेला. खाणीत दिवे कमी पडतायत, तरी तो दिवा तू कुणाला देत नाहीस. दर आठवड्याला चार्ज करतेस. म्हातारीला काय कळत नाही असं वाटलं? दिव्यापाशी बायको आणि पिठापाशी विधवा, हे कुठलं गं शास्त्र?"

उल्यानानं रुमालाचं टोक तोंडात धरलं.

सासूबाईंचा आवाज उतरला. "बस इथे. तुम्ही सगळ्याच ऐका, पीठ कुठे पळून जात नाही. माझ्या लग्नाला वर्ष झालं नव्हतं. तुमचे सासरे युखिम खाली होते आणि खाणीतला तिसरा बोगदा ढासळला. त्याच आठवड्यात इंजिनियरच्या मुलीचं लग्न होतं आणि मळायला मला सांगितलेलं. मी गेलेच नाही. घरात पलंगाखालचे त्यांचे बूट बघत बसले होते. तर तेव्हाची कोरोवायाची मुख्य बाई, ती थोराड अन्ना, माझ्या दारात आली. म्हणाली, पोरी, दिवा आला का परत? म्हटलं, नाही. म्हणाली, मग नवरा कामावर आहे. हात धू आणि चल."

"आणि?" फ्रोसिनाच्या बहिणीनं विचारलं. ती पलीकडच्या गावची, तिला ठाऊक नव्हतं.

"आणि काय. लग्न झालं, कोरोवाय संपला, त्यानंतर यांना वर काढलं. काळे कुळकुळीत. आणि मला पहिलं काय विचारलं असेल? माझा तुकडा ठेवलास का. नव्हता ठेवला. मरेपर्यंत मला ऐकवत होते." त्यांनी नाक पुसलं. "ओस्ताप येईल का, मला माहीत नाही. कुणालाच माहीत नाही. तो वर आलेला नाही. मला एवढंच माहीत आहे, आणि याच्या पुढचं कुणी माझ्या घरात बोलायचं नाही, ना तोंडानं, ना पिठानं."

पुढे जे झालं ते ओदार्कानं केलं, आणि त्याबद्दल मी तिला सगळं माफ केलं. तिनं खुंटीवरचा स्वतःचा कोरा एप्रन काढला, उल्यानाच्या अंगावरचा भुसा झटकला, आणि मागून गाठ मारताना तिच्या पाठीवर कपाळ टेकून तशीच उभी राहिली.

"मूर्ख आहे मी, वहिनी."

"आहेस," उल्याना म्हणाली. "पण गाठ सैल बांध, श्वास घेता येत नाही."

मग आम्ही मळायला लागलो. आमच्यात रीत अशी, की प्रत्येकीनं आपल्या घरून आणलेला ओंजळभर मैदा परातीत टाकायचा आणि मुख्य बाईनं विचारायचं, कुणाच्या घरचं? मग नवऱ्याचं नाव घ्यायचं.

"कुणाच्या घरचं?"

"पांतेलेच्या घरचं," ओदार्का म्हणाली.

"कुणाच्या घरचं?"

"मिरोनच्या घरचं," मी म्हणाले. "देव त्याला जास्तीच्या पाळ्या देवो."

हिव्रिया काकूंनी नवऱ्याचं नाव इतकं लाडात घेतलं की रोझालिया बाईंना हसता हसता ठसका लागला. असं करत सहा झाल्या. सातवी उल्याना. तिनं मैदा आणलेलाच नव्हता, म्हणून ओरिस्या धावत तिच्या घरी गेली आणि वाडग्यात घेऊन आली. उल्यानानं ओंजळ परातीवर धरली.

"कुणाच्या घरचं?" सासूबाईंनी विचारलं. एवढं साधं विचारलं, जसं बाकी सहा जणींना.

दीड वर्षात आम्ही तिच्या तोंडून ते नाव ऐकलं नव्हतं.

"ओस्तापच्या," ती म्हणाली. मग पुन्हा एकदा, सगळ्या घराला ऐकू जाईल असं म्हणाली, "ओस्तापच्या घरचं."

"टाक," सासूबाई म्हणाल्या.

त्यानंतर चौदा हातांनी जे पीठ मळलं ना, ते बघण्यासारखं होतं. गाणी झाली, त्यातली दोन पोरीसमोर म्हणण्यासारखी नव्हती. उल्याना लाकडं फोडून तापलेली, तिच्या बुक्क्यांनी टेबल हलत होतं. पाव फुगला, वर वेणी बसली, आणि सजावटीला पिठाची पाखरं झाली.

मग आली भट्टीची पंचाईत. भट्टी झाडायची आणि पाव आत सारायचा तो कुरळ्या केसांच्या, लग्न झालेल्या पुरुषानं. गावातले कुरळे सगळे फौजेत. मिळाला तो ओदार्काचा पांतेले. त्याच्या डोक्यावर एक केस नाही.

"लग्नात कुरळे होते," ओदार्का म्हणाली. "फोटो आहे."

"मग फोटो आण," सासूबाई म्हणाल्या.

फोटो भट्टीच्या कट्ट्यावर उभा केला, पांतेलेच्या टकलावर टोपी बसवली, आणि त्यानं तरण्या कुरळ्या स्वतःच्या देखत पाव आत सारला. भट्टीत पाव असताना दार आपटायचं नसतं, मोठ्यानं बोलायचं नसतं, नाहीतर तो बसतो. आम्ही सगळ्या माना खाली घालून बसलो. तेवढ्यात टेकडीपलीकडे धडाम झालं, आणि ताटं वाजली.

"त्यांना म्हणावं, दार हळू लावा," हिव्रिया काकू पुटपुटल्या.

ओदार्का एका हातानं क्रॉसची खूण करत राहिली. आता तिच्या दुसऱ्या हातात उल्यानाचा हात होता, आणि दोघी भट्टीकडे अशा बघत होत्या की आत पाव नव्हे, दमियानच बसलाय.

पाव निघाला. तांबूस, फुगलेला. फ्रोसिनानं चष्मा लावून सगळ्या बाजूंनी तडा शोधला. तडा नव्हता. डावीकडे थोडा कललेला मात्र होता.

"कललाय," ओदार्का घाबरून म्हणाली.

"या गावात सरळ काय आहे?" सासूबाई म्हणाल्या. "शंभर वर्षं खालून कोळसा काढतोय. शाळा कललीय, माझं घर कललंय, हिव्रियाचा नवरा तर रोज संध्याकाळी कलतो. पडलं का काही? हाच खरा आपल्या गावचा पाव."

उरलेल्या पाखरांतून मळणाऱ्या प्रत्येकीला एकेक मिळालं. उल्यानानं तिचं पाखरू खाल्लं नाही. तिनं जुना पेपर घेतला आणि खाणीत जाणाऱ्याचा डबा बांधतात तसं, चारी बाजूंनी घट्ट मुडपून ते बांधलं.

"कुणासाठी?" ओदार्कानं विचारलं.

"उद्या सकाळची पाळी आहे माझी. त्याच्या दिव्यापाशी ठेवते. आईंसारखं नंतर ऐकून घ्यायला नको, माझा तुकडा ठेवला नाहीस म्हणून."

ओदार्कानं आपल्या हातातलं पाखरू पाहिलं. तिनं चोच तेवढी चावून खाल्ली होती. तिनं उल्यानाच्या हातातली पुडी घेतली, उलगडली आणि आपलं चोच नसलेलं पाखरू शेजारी ठेवून पुन्हा बांधली.

"दोन ने," ती म्हणाली. "आमच्या ओस्तापला एकानं काय होतंय."